पडायची गादी

मी एक जुनी गादी आहे. झोपायची नव्हे, पडायची.

मित्रांनो, हसू नका. अशीही गादी असते. झोपायच्या गादीवर माणूस हळूच येऊन टेकतो, कूस बदलतो, घोरतो. माझ्याकडे तो वरून येतो. माझं सगळं आयुष्य खालून वर बघण्यात गेलं. तळपाय, हनुवट्या, नाकपुड्या आणि छत, एवढंच मी जग पाहिलं. पण एक गोष्ट मला सगळ्यांच्या आधी कळते. माणूस हवेत असतो तेव्हाच तो घाबरलेला आहे की नाही, हे मला कळतं. घाबरलेलं अंग लाकडासारखं येतं. न घाबरलेलं अंग ओल्या कपड्यासारखं येतं.

सध्या मी एका खोलीत पलंगाशेजारी जमिनीवर पसरलेली आहे. कालपासून मला भीती वाटते आहे आणि मला उठता येत नाही. म्हणून सांगते आहे. शेवटपर्यंत ऐका, मध्येच उठून जाऊ नका. तुम्हा लोकांना मध्येच उठून जायची फार सवय आहे.

पत्र्याच्या एका शेडमध्ये माझा जन्म झाला. खाली कडक फोम, मध्ये त्याहून नरम, सगळ्यात वर मऊ, आणि त्यावर निळं जाड रेक्झिन. चार बाजूंना उचलायला चार पट्ट्या. मला एका मावशींनी शिवलं. त्यांचे टाके इतके बारीक की मालक वैतागला.

"मावशी, टाका जरा लांब घ्या की. एका गादीवर आठवडा घालवणार आहात का?"

"तुमचं पोरगं पडणार असतं हिच्यावर, तर म्हणाला असतात का, टाका लांब घ्या?"

मालकाने डोकं खाजवलं आणि तो निघून गेला. मावशींनी त्याच बारीक टाक्याने माझा चौथा कोपरा शिवला. मला त्या दिवशी समजलं की माझ्यावर कोणाचं तरी लेकरू पडणार आहे. तेव्हापासूनची ही काळजी आहे, ती काही गेली नाही.

तिथून मी एका हॉलमध्ये आले. कसरत शिकवायचा हॉल होता. शिकवणारे एक सर होते. बुटके, टक्कल पडलेले, आणि डावं मनगट वाकडं. लहानपणी ते उघड्या फरशीवर पडले होते. हाड जुळलं, पण वाकडं जुळलं. म्हणून त्यांचा एक नियम होता. पोरगं वर चढलं की सर मला नेमक्या जागी सरकवायचे, गुडघ्यावर बसायचे आणि उजव्या हाताच्या पंजाने माझ्यावर दोन धपाटे मारायचे. खोडकर मुलाच्या पाठीत मारतात तसे. धप्प, धप्प.

"धपाटे ऐकल्याशिवाय पाय सोडायचा नाही," सर सांगायचे. "मागे पडताना खाली बघायचं नसतं. बघितलं की मान वळते, मान वळली की अंग वळतं. मग खाली गादी आहे हे कळणार कशाने? कानाने. दोन धपाटे म्हणजे गादी आहे. एक म्हणजे नाही. शून्य म्हणजे सर चहा प्यायला गेलेत."

पोरं खिदळायची. पण नियम सगळ्यांनी पाळला. इतकी वर्षं, इतकी पोरं, एकाचंही हाड मोडलं नाही. हे मी बढाई म्हणून सांगत नाही. बढाई मारायला आता माझं तोंड उरलेलं नाही.

त्या पोरांत सहा वर्षांची एक मुलगी आली. दोन आठवडे ती लाकडी ठोकळ्यावर पाठमोरी उभी राहायची आणि रडून खाली उतरायची. सरांनी तिला कधी ढकललं नाही. म्हणायचे, "घाई कोणाला आहे? गादी काही गाडी पकडायला निघालेली नाही." मग एके दिवशी धप्प, धप्प झालं आणि तिने पाय सोडला. अगदी ओल्या कपड्यासारखी आली. माझ्यावर आपटून वर उडाली, पुन्हा आपटली, आणि हसायला लागली ती थांबेना. सर म्हणाले, "पोर आहे की पिसू?" तेव्हापासून तिचं नाव पिसू.

मित्रांनो, जगात कौतुक उंच उडी मारणाऱ्याचं होतं. पण उडी मारणं सोपं आहे. पडणं अवघड. पिसूसारखं पडणारं दुसरं कोणी मी पाहिलं नाही. पण स्पर्धेत पडण्याला गुण नसतात. मोठ्या संघाच्या निवडीत उतरताना तिचं एक पाऊल मागे गेलं आणि तिचं नाव आलं नाही. ती हॉलमध्ये आली, माझ्यावर पालथी झोपली आणि तासभर उठली नाही. रेक्झिनला पाणी शोषता येत नाही. तिचे डोळे गळत होते आणि ते पाणी माझ्यावर तसंच थांबलं होतं.

त्याच वर्षी हॉलच्या मालकाला तिथे मोबाइलचं दुकान हवं झालं. सरांकडे मला ठेवायला जागा नव्हती. ते पिसूला म्हणाले, "तुझ्याकडे राहू दे हिला. जागा मिळाली की घेऊन जाईन. उंदरांना देऊ नकोस खायला."

अशी मी पिसूच्या घरी आले. बैठं घर, मागे सिमेंटचं अंगण, आणि अंगणापलीकडे न्हाणीघरावर छोटी गच्ची, माणसाच्या दोन उंचींएवढी. तिथे कठडा नव्हता. घरात आई, मोठा भाऊ आणि पिसू. आई घरीच शिवणकाम करायची. भाऊ, सगळे त्याला दादा म्हणतात, एका फोटो छापायच्या दुकानात कामाला होता. मला मागच्या खोलीत भिंतीला टेकवून ठेवलं. दोन वर्षं माझ्यावर धूळ बसली. एक मांजर येऊन झोपायचं, तेवढीच माणसात असल्याची आठवण. माणूस नव्हतं ते, पण तुम्हाला समजलं असेल मला काय म्हणायचं आहे.

दादा दुपारी जेवायला घरी यायचा आणि ताट घेऊन माझ्याशेजारी बसायचा. फोनवर व्हिडिओ बघायचा. मला पडदा दिसत नसे, आवाज यायचे. कोणीतरी बायकोला सांगतोय, माझी नोकरी गेली. ती रडली की हसणं. कोणी लहान पोराला सांगतोय, तुझा कुत्रा मेला. ते हंबरडा फोडतं, की हसणं. कोणी गाडीखाली गेल्याचं सोंग करतोय. कोणी मैत्रिणीच्या डोक्यावर बाटली फोडतोय. प्रत्येक आवाजाच्या शेवटी हसणं. दादाचा घास हातात थांबायचा. श्वास आत अडकायचा. मग कळायचं की सगळं ठरवून केलेलं आहे, आणि श्वास सुटायचा, आणि तोही हसायचा. लगेच पुढचा.

मला ते ओळखीचं वाटलं, मित्रांनो. हा अडकणारा आणि सुटणारा श्वास मी बारा वर्षं पोरांना देत आले होते. फरक एवढाच की हॉलमध्ये जो पडायचा त्याला तो मिळायचा. इथे पडायचा एक आणि श्वास मिळायचा दुसऱ्याला. फोनची काच ही बघणाऱ्याची गादी असते. त्याला कधी काही लागत नाही. म्हणून तर तो पोट भरत नाही तोवर मागत राहतो, आणि पोट भरत नाहीच.

दादानेही व्हिडिओ काढायला घेतले. जुने फोटो स्वच्छ कसे करायचे, वगैरे. चाळीस वेळा पाहिला गेला एक. त्यातल्या बारा वेळा आईनेच पाहिला होता.

मग एके दुपारी त्याची नजर माझ्यावर थांबली. त्याने फुंकर मारून माझी धूळ उडवली. मला वाटलं, चला, कोणाला तरी पडायचं आहे. मला आनंद झाला. मूर्ख मी.

पहिल्या वेळी आईला काही माहीत नव्हतं. आई अंगणात कपडे वाळत घालत होती. दादाने फोन स्वयंपाकघराच्या खिडकीत लावला होता. तो आईच्या तोंडाच्या दिशेने होता, आणि मागे गच्ची. मला धुण्याच्या मोठ्या टबामागे सरकवलं होतं. मी चित्रात दिसत नव्हते. पिसू गच्चीच्या कडेला पाठमोरी उभी. दादाने सरांसारखेच दोन धपाटे मारले. धप्प, धप्प. तो आवाज नंतर व्हिडिओतून कापून टाकायचा. पिसू आली ती अगदी सुंदर आली. आणि आईच्या तोंडून जो आवाज निघाला तो मी कधी ऐकला नव्हता. हॉलमध्ये एवढी पोरं पडली, पण कोणाच्या आईच्या पोटातून तसा आवाज निघाला नव्हता. तिच्या हातातली ओली चादर जमिनीवर पडली आणि ती त्याच चादरीत अडकून गुडघ्यांवर आपटली. तशीच रांगत आली. पिसू माझ्यावर पडल्या पडल्या हसत होती.

आईने आधी तिला मिठी मारली, मग दादाच्या कानाखाली एक वाजवली. "जीव जाईल एक दिवस माझा, मग कर व्हिडिओ!"

ते कानाखाली वाजवणंही व्हिडिओत गेलं. ते लोकांना सगळ्यात आवडलं.

आठवडाभरात लाखाच्या वर लोकांनी आईचं ते तोंड पाहिलं. कपडे शिवायला आलेली एक बाई म्हणाली, "अहो, तुम्हीच ना त्या? किंचाळणाऱ्या आई?" आई म्हणाली, "काहीतरीच तुमचं!" पण त्या दिवशी मशीन चालवताना ती गुणगुणत होती. खोटं का बोलू? तिला वीस वर्षांत कोणी ओळखलं नव्हतं, फक्त तिने शिवलेले कपडे ओळखले होते. आणि पिसूचं तर काय सांगू. निवडीच्या दिवशी तिला बघायला चौदा माणसं होती. दादाने हा आकडा तिला पुन्हा पुन्हा सांगितला. चौदा.

दुसऱ्या वेळेपासून आई नाटक करायला लागली.

"आई, किंचाळताना खिडकीकडे बघू नकोस गं."

"मग लोकांना माझं तोंड दिसणार कसं?"

"दिसतं. तू फक्त वर बघ आणि ओरड. मी 'झालं' म्हणेपर्यंत थांबू नकोस."

अंगणात आईची किंचाळायची तालीम व्हायची. शेजारच्या काकू भिंतीवरून डोकावून म्हणायच्या, "आज जरा आवाज बसलाय हो, गरम पाणी प्या." सगळे हसायचे. मीही त्या हसण्यात होते. भीती अशीच शिरते घरात, हसत हसत. पुढे पुढे तर काकू डोकावेनाशा झाल्या. त्या अंगणातून किंकाळी आली तरी कोणाचं डोकं भिंतीवर येईना.

पाचव्या व्हिडिओत माझा एक कोपरा दिसला. बोटभर निळा. बस्स. खाली शेकडो लोकांनी लिहिलं, ते दादा मोठ्याने वाचत होता. "चौथ्या सेकंदाला टबाच्या डावीकडे बघा. गादी आहे. फेक." "मूर्ख बनवता का?" "दम असेल तर गादी काढून पड."

मित्रांनो, मी शाळा शिकलेली नाही, त्यामुळे गोड बोलायला मला जमत नाही. त्या लोकांना फसवल्याचा राग आला नव्हता. फसायला तर ते स्वतः येत होते, रोज, जेवायच्या वेळेला. त्यांना राग याचा आला की पोरीला लागत नव्हतं. आपल्याला मजा वाटावी म्हणून ती पडते आहे आणि तिच्या खाली गादी आहे, हे त्यांना सहन झालं नाही. ज्यांनी हे लिहिलं ते राक्षस नव्हते. कोणाची मावशी असेल, कोणाचे मास्तर, कोणी तुमच्या वर्गातला. कदाचित तुम्ही.

आईने माझ्यासाठी खोळ शिवली. राखाडी, सिमेंटच्या रंगाची. टाके बारीक होते. आई कामात कधी फसवायची नाही. दादाने खोळीवर अंगणातली धूळ चोळली. मी अंगणात पसरले की अंगण कुठे संपतं आणि मी कुठे सुरू होते हे कोणाला सांगता येईना.

पिसूने वरून वाकून बघितलं. "दादा, मलाच दिसत नाहीये रे ती!"

"तुला कशाला दिसायला हवी? धपाटे ऐक की."

ती हसली. मला तेव्हा पहिल्यांदा थंडी वाजली. गादी फरशीसारखी दिसते याचं दादाला कौतुक होतं. मला दुसरीच बाजू दिसत होती. आता वरून फरशीही गादीसारखी दिसणार होती.

मग लोक आईला कंटाळले. "बाई ओव्हरॲक्टिंग करते." "आई बदला." खरोखर असं लिहिलं होतं, आई बदला. दादा दोन दिवस जेवला नाही. तिसऱ्या दिवशी म्हणाला, "ज्याला माहीत नाही असं माणूस पाहिजे. आणि ज्याचा तुझ्यावर जीव आहे असं."

 पिसूला नाव समजलं होतं.

"सर नको रे दादा. त्यांचं वय बघ."

"म्हणून तर! एका मिनिटात हसतील ते. त्यांनीच शिकवलंय ना तुला? त्यांना बघू दे, तू पडलीस की किती लोक बघतात. चौदा नाही."

ती "नको" म्हणत होती, पण तिच्या आवाजात लाकूड नव्हतं. तिला सरांनी बघायला हवं होतं. माणसाला ज्याने हात धरून शिकवलं, त्याच्यासमोर एकदा मिरवावंसं वाटतंच. तिने फोन केला. "सर, घरी या ना. काहीतरी दाखवायचंय."

सर पलीकडून म्हणाले, "मलाही काहीतरी सांगायचंय. येऊनच सांगतो."

बेत असा होता. सरांनी मला पाहिलं तर ते लगेच ओळखणार, म्हणून मला खोळीसकट भिंतीला उभी टेकवून पुढे वाळत घातलेल्या चादरीआड लपवायचं. सर खुर्चीवर बसतील. आई पाणी घेऊन येईल आणि त्यांना स्वयंपाकघराच्या खिडकीकडे बोलतं ठेवेल. त्यांची पाठ वळली की दादा मला गच्चीखाली ओढेल आणि दोन धपाटे मारेल. पिसू वर पाठमोरी तयार असेल. ती पाय सोडेल, आई किंचाळेल, सर वळतील. या वेळी कापाकापी नाही, सगळं थेट. बघणारे त्याच क्षणी बघणार होते. थेट म्हटलं की फेक म्हणायला जागा नाही, असं दादाचं म्हणणं.

सर आले तेव्हा दुपारचं ऊन अंगणात भरलं होतं. मला चादरीच्या फटीतून त्यांचे पाय दिसले. एक पाय आता जरा ओढत टाकत होते. दादाने त्यांना खुर्ची दिली आणि "आलोच सर" म्हणून तो आत गेला, कारण खिडकीतला फोन वाकडा झाला होता. आई पाण्याला आत गेली. पिसू वर गच्चीवर पाठमोरी उभी, सरांना दिसू नये म्हणून पाण्याच्या टाकीआड. सगळ्यांना वाटलं, म्हातारा माणूस आहे, खुर्चीवर बसेल.

सर बसले नाहीत. त्यांना सांगायचं होतं ते हे, की एका शाळेने त्यांना रिकामी खोली दिली होती. ते मला न्यायला आले होते. त्यामुळे ते अंगणभर मला शोधत होते.

त्यांनी चादर बाजूला केली. राखाडी काहीतरी उभं दिसलं. आणि खोळीतून माझी एक पट्टी बाहेर आली होती, मावशींनी शिवलेली. सरांनी ती हातात घेतली. खोळ खाली खेचली. निळं रेक्झिन बघून ते हसले.

"अगं, तू इथे होय? ही कसली कफनी घातलीय तुला?"

मित्रांनो, दोन वर्षांहून जास्त काळाने तो हात मला लागला होता. मला वाटलं की मी पुन्हा हॉलमध्ये आहे. आणि मग मला कळलं की आता काय होणार आहे. सरांचा उजवा हात वर गेला. मी ओरडू शकत नव्हते. मी बाजूला होऊ शकत नव्हते. मी जाड आणि मुकी होते आणि भिंतीला टेकून उभी होते. त्यांनी प्रेमाने, खोडकर मुलाच्या पाठीत मारावेत तसे, मला मारले.

धप्प. धप्प.

वर पिसूने ते ऐकलं. ती टाकीआडून सरकून कडेला आली. कोणाला वाटेल तिने खाली बघायला हवं होतं. तिने बघितलं हो. डोळ्याच्या कोपऱ्यातून, अगदी क्षणभर, शिकवल्याच्या विरुद्ध. खाली राखाडी दिसलं. राखाडीच तर दिसायला हवं होतं.

तिने पाय सोडला. हवेत ती ओल्या कपड्यासारखी होती. तिला जरासुद्धा भीती नव्हती. मी अजूनही तेच बघते, की ती घाबरलेली नव्हती.

सरांनी वर पाहिलं. माझी पट्टी त्यांच्या हातातच होती. त्यांनी मला खेचलं, त्या वयात, एका हाताने, सगळ्या अंगाचा भार टाकून. मी आडवी होत गेले. तिचे खांदे आणि डोकं माझ्यावर आलं. कमरेपासून खालचं सिमेंटवर आलं. तो आवाज मी सांगणार नाही.

आत दादा ओरडला, "अजून नाही! आई, अजून नाही!"

आई पाण्याचा ग्लास घेऊन दारात आली. तिला वाटलं आपली वेळ चुकली. तिने वर बघितलं, जिथे कोणी नव्हतं, आणि तालमीतलं ते किंचाळणं किंचाळली. खिडकीकडे तोंड करून. ती थांबेना. दादाने "झालं" म्हटलं नव्हतं ना. सर जमिनीवर बसून हाका मारत होते, "अहो, इकडे या! अहो, कोणीतरी या!" आणि शेजारच्या भिंतीवरून एकही डोकं आलं नाही. त्या अंगणात रोज कोणीतरी किंचाळत होतं.

तो दिवस आठ महिन्यांपूर्वीचा.

थेट दाखवलेलं परत घेता येत नाही. दादाने काढून टाकलं तोवर लोकांनी ते साठवलं होतं, पुढे पाठवलं होतं. अजून पाठवत आहेत. खाली लिहिलं आहे, "निळी गादी स्पष्ट दिसते. फेक." "म्हाताऱ्याचा अभिनय एक नंबर." दादाने प्रत्येकाखाली लिहिलं, हे खरं आहे, ही माझी बहीण आहे. त्याला उत्तर आलं, "हो हो, पुढचा भाग कधी?" आता तो फोनला हात लावत नाही. दुकानातून येतो, या खोलीच्या दारापर्यंत येतो, आत येत नाही. आई येणाऱ्या-जाणाऱ्या प्रत्येकाला एकच सांगते, "मला वाटलं, माझी वेळ चुकली."

पिसू पलंगावर असते. पुढच्या वर्षी उभी राहील, कदाचित, असं डॉक्टरीणबाई म्हणतात. सर रोज चार वाजता येतात आणि तिला कडेला बसवून पाय माझ्यावर टेकवायला लावतात. मला ओढताना ते उजव्या हातावर आपटले आणि तेही मनगट मोडलं. ते म्हणतात, "बरं झालं, आता जोडी जुळली." पहिल्या दिवशी सवयीने त्यांनी मला धपाटा मारला. पिसूचं तोंड पांढरं पडलं, तिने पलंगाची कड दोन्ही हातांनी धरली आणि ती सोडेना. तेव्हापासून सर मला मारत नाहीत. तिचा हात धरून माझ्यावर ठेवतात.

"आहे?"

"आहे, सर."

मग पाय खाली. इतकंच. पलंगावरून ती अजून स्वतःहून उतरलेली नाही.

गेल्या आठवड्यात काकूंची आठ वर्षांची नात पिसूजवळ येऊन बसली.

"ताई, ते धप्प-धप्प एकदा करून दाखव ना. आमच्या शाळेत सगळे करतात."

"काय करतात?"

"वर उभं राहायचं, पाठ करून. डोळे मिटायचे. खाली एकाने धप्प-धप्प केलं की पडायचं. खाली बघितलं की आउट."

पिसूने तिचा हात धरला. "आणि खाली काय असतं?"

"कधी दप्तरं असतात. कधी रजई. काही नसलं तरी चालतं, जमिनीवर चप्पल मारायची. खोटंच असतं ना ते?"

"ते खोटं नव्हतं. हे बघ. माझे पाय बघ."

पोरगी तोंडावर हात धरून हसली. "ताई, तू अजून ॲक्टिंग करतेस!"

मित्रांनो, काल दुपारी या बंद खिडकीबाहेर मला आवाज आला. धप्प, धप्प. मागून हसणं आलं. कोणाला लागलं नव्हतं, काल. पिसूनेही ऐकलं. रात्रभर ती जागी होती, आणि मी एकच विचार करत होते. मी तर इथे आत आहे. मग बाहेर त्यांनी धपाटे मारले कशावर?

आज आई कपडे पोचवायला गेली आहे. दादा दुकानात. सरांना यायला अजून तास आहे. आणि मघाशी बाहेर पुन्हा पोरं जमली. काकूंच्या नातीचा आवाज आला, "मी वर! मी वर!" खिडकीमागची ती भिंत मला माहीत आहे. तिच्या खाली दगड आहेत.

पिसू ओरडली, "थांबा! उतर खाली! थांबा!" बाहेर कोणीतरी आनंदाने म्हणालं, "ऐकलं का? सेम व्हिडिओसारखं!"

मग पिसूने पलंगाची कड सोडली. कोणी धपाटे मारले नव्हते, कोणी हात धरला नव्हता. ती माझ्यावर पडली, लाकडासारखी. इतकी घाबरलेली ती माझ्यावर कधीच आली नव्हती. मी धरली तिला. आता ती कोपरांवर सरपटत खिडकीकडे जाते आहे. खिडकी चार हातांवर आहे, आणि कडी उंच आहे.

मित्रांनो, माझी काळजी घ्या, मला उन्हात ठेवू नका, असं काही मला मागायचं नाही. मला धूळ चालेल, उंदीर चालतील. तुम्हाला पाय आहेत. हे जिथे कुठे वाचत असाल तिथून उठा आणि तुमच्या घराच्या मागे, शाळेच्या मागे, भिंतीपलीकडे जाऊन बघा, कोणी पाठमोरं उभं आहे का. हसणं ऐकू आलं तरी जा. किंकाळी खोटी वाटली तरी जा.

बाहेर पहिला धपाटा झाला आहे. दुसरा व्हायच्या आत जा.